एकविसाव्या पानावरची फुली

"बाई, एवढ्या जोरात नका खोडू. कागद जुना हाय, फाटंल."

दस्तगीरभाईंनी हे तिसऱ्यांदा सांगितलं आणि मी तिसऱ्यांदा ऐकून न ऐकल्यासारखं केलं. ते व्हरांड्यात खळीचं भांडं घेऊन पुस्तकांच्या बांधण्या दुरुस्त करत बसले होते आणि मी दारातल्या टेबलाशी खोडरबर घेऊन. समोर बालविभागातल्या पुस्तकांचा ढीग. टेबलावर रबराचा एवढा भुसा पडला होता की फुंकर मारून मारून माझं तोंड दुखायला लागलं.

"फाटलं तर तुम्ही आहात की चिकटवायला," मी म्हणाले.

"चिकटवीन की. पर असू द्या म्हनतो मी. कुनाचं काय अडतंय?"

"काय अडतंय? वाचनालयाची पुस्तकं आहेत ही, भिंती नव्हेत कोळशानं रेघोट्या मारायला!"

भाई हसले आणि खळ ढवळायला लागले. माझ्या तोंडाला लागण्यात अर्थ नाही हे त्यांना पाच महिन्यांत कळून चुकलं होतं.

ही त्र्याऐंशी सालच्या दिवाळीच्या सुट्टीतली गोष्ट. मी चोवीस वर्षांची. सोलापुरात ग्रंथालयाचा सहा महिन्यांचा कोर्स करून जूनमध्ये कुर्डुवाडीच्या वाचनालयात बालविभाग सांभाळायला आले होते. इंदुमती शेटे. मुलं नुसतं 'बाई' म्हणायची आणि माझ्या मागे आणखी काय काय म्हणत असतील ते त्यांचं त्यांना माहीत. अंगात ताठा असा की विचारू नका. कोर्समध्ये शिकवलेलं सगळं मला या गावात करून दाखवायचं होतं.

सुट्टीत बालविभाग आठ दिवस बंद ठेवून मी पुस्तकांची पडताळणी काढली. प्रत्येक वाचनालयाचं एक गुप्त पान असतं. पहिल्या पानावरचा शिक्का कुणीही फाडून टाकू शकतो, म्हणून आत कुठल्या तरी ठरलेल्या पानावर आणखी एक शिक्का मारून ठेवतात. आमचं पान एकवीस. तर मी एकेक पुस्तक घ्यायचं, एकविसावं पान उघडायचं, शिक्का बघायचा आणि वहीत टिक करायची असं चाललं होतं. आणि तिथेच मला त्या खुणा दिसल्या. शिक्क्याच्या बरोबर खाली, पानाच्या बाहेरच्या कडेला, पेन्सिलीनं काढलेली बारीक चांदणी. दुसऱ्या पुस्तकात फुली. मग पुन्हा चांदणी. सहाशेपैकी एकशे ब्याऐंशी पुस्तकांत!

माझ्या गुप्त पानावर! माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली.

"भाई, हे कुणाचं काम आहे? तुमच्या हातून तर सगळी पुस्तकं जातात."

"आता कुनाचं म्हनून सांगू?" भाई मान वर न करता म्हणाले. "पोरं कपाटातनं पुस्तक काडली की आदी एकवीस पान बघत्यात, एवढं मी बघितलंय. मी बी कड कापताना तेवढी जागा सांभाळून कापतो."

"म्हणजे सगळ्यांना ठाऊक, फक्त मलाच नाही! आणि तुम्ही वर सांभाळून कापता?"

"लेकरांचं काहीतरी असंल, बाई."

मी आठ दिवसांत एकशे ब्याऐंशी पानं खोडून काढली. अंगठ्याला फोड आला. पुस्तकं पुन्हा कपाटात लावली, तेव्हा मला इतकं स्वच्छ वाटलं, काय सांगू.

त्याच दिवसांत मी आणखी एक काम करत होते. आमचे अध्यक्ष गुळवे सर, हायस्कुलातून मुख्याध्यापक म्हणून निवृत्त झालेले, पांढरं धोतर, छत्री बारा महिने काखेत. त्यांनी मला सांगितलं होतं, "शेटेबाई, जानेवारीत वर्धापनदिन आहे. मुलांनी आवर्जून वाचावीत अशा पन्नास पुस्तकांची यादी करा. स्टेन्सिल कापून सगळ्या शाळांना वाटू. आईबापांना कळत नाही मुलांच्या हाती काय द्यावं ते."

मला तर आकाश ठेंगणं झालं. रोज संध्याकाळी वाचत बसायची, नावं लिहायची, खोडायची, पुन्हा लिहायची. पहिल्या क्रमांकाला मात्र मी एकदाही हात लावला नाही. 'ओसरीवरचा पाळणा'. एका मुलीची गोष्ट. तिची आई बाळंतपणाला दवाखान्यात जाते ती परत येत नाही, आणि मुलगी धाकट्या भावाला वाढवते. मी ते वाचून ढसाढसा रडले होते. चांगलं पुस्तक म्हणजे हेच, मुलांच्या मनावर याहून चांगला परिणाम कशाचा होणार, असं माझं ठाम मत. यादीचा कच्चा कागद मी बालविभागाच्या फळ्यावरही लावून टाकला.

सुट्टी संपली. बुधवार पाचवीपर्यंतच्या मुलांचा, शनिवार मोठ्यांचा, असा आमचा नियम होता. पहिल्याच बुधवारी मुलं आली ती नेहमीसारखी कलकलाट करत, पण कपाटाशी जाऊन घुटमळायला लागली. पुस्तक काढायचं, उघडायचं, परत ठेवायचं. मला वाटलं, सुट्टीत सवय मोडली असेल.

एक चौथीतली मुलगी सगळ्यात शेवटपर्यंत राहिली. पारू कोळेकर. तिचे वडील रेल्वेत गँगमन होते आणि ती रुळांपलीकडच्या चाळीतून यायची. दोन घट्ट वेण्या, आणि गणवेशाच्या बाह्या कोपरापर्यंत लोंबणाऱ्या, कारण तो मोठ्या बहिणीचा. ती एकामागून एक पुस्तक उघडत होती.

"काय शोधतेस गं?"

"काई न्हाई."

"मग घे की एखादं. बंद करायची वेळ झाली."

तिनं माझ्याकडे बघितलं, पुन्हा कपाटाकडे बघितलं. रडकुंडीला आली होती. मला दया आली. खरंच आली. मी उठले, 'ओसरीवरचा पाळणा' काढलं आणि तिच्या हातात दिलं.

"हे ने. माझ्या यादीतलं पहिल्या नंबरचं पुस्तक आहे."

"ह्याच्यात काय हाय?"

"एक घर आहे. छोटं बाळ आहे. आई आहे."

"आई हाय?"

"आहे की. खूप छान आहे आई."

पारू हसली. पुस्तक छातीशी धरून पळत गेली, कार्डावर सही करायचीही विसरली. मी तिला परत बोलावून सही घेतली. ते पळत जाणं मला आजही लख्ख दिसतं, आणि दिसलं की जीव नको होतो.

शनिवारी ते पुस्तक परत आलं. पारूची मोठी बहीण सगुणा आठवीत होती, ती घेऊन आली. सगुणा म्हणजे आमची सगळ्यात जास्त वाचणारी मुलगी. उंच, सावळी, बोलायला अगदी मोजकी. तिनं पुस्तक माझ्या टेबलावर ठेवलं.

"हे पारूचं."

"झालं पण वाचून? आवडलं का तिला?"

सगुणा वळली. कपाटाकडे निघून गेली. शिष्टच आहे, मी मनात म्हटलं.

पुढच्या बुधवारी पारू आली नाही. त्याच्या पुढच्याही नाही. मी हजेरी थोडीच घेत होते! माझं सगळं लक्ष यादीच्या स्टेन्सिलवर. पण डिसेंबरात एका पुस्तकाचा क्रमांक तपासायला एकविसावं पान उघडलं, आणि तिथे फुली! खोडलेल्या जागीच, आधीपेक्षा दाबून काढलेली. दुसरं उघडलं, तिथे चांदणी. मी दात-ओठ खात कपाटं धुंडाळली. चाळीस-एक पुस्तकांत खुणा परतल्या होत्या.

आता मी पाळत ठेवली. पुढच्याच शनिवारी कपाटाच्या मागून जाऊन उभी राहिले, तर सगुणा कोळेकर जमिनीवर मांडी घालून बसलेली, मांडीवर पुस्तक, हातात बोटाच्या पेराएवढी पेन्सिल.

"सापडलीस!"

ती दचकली, पण पुस्तक टाकलं नाही. हळूच मिटलं आणि जागेवर ठेवलं.

गुळवे सर तेव्हा नेमके वर्तमानपत्र वाचत बसले होते. मी तिला दंडाला धरून त्यांच्यासमोर उभी केली. एकशे ब्याऐंशी पुस्तकं, माझा अंगठा, गुप्त पान, सगळं एका दमात सांगितलं.

सरांनी चष्मा काढला. "का गं? चांगल्या घरची दिसतेस. पुस्तकं खराब का करतेस?"

सगुणा टेबलावरच्या वर्तमानपत्राकडे बघत राहिली.

"कुणी सांगितलं तुला? आणखी कोण कोण आहे यात?" मी विचारलं.

"अशानं तुझं कार्ड जप्त करावं लागेल, बाळ," सर म्हणाले. "वडिलांना घेऊन ये सोमवारी."

तेव्हा ती पहिल्यांदा बोलली. "वडलांना नका बोलवू, सर. त्यांची रात्रपाळी असती. माजं कार्ड घ्या. पारूचं तेवढं राहू द्या."

"पारू तर येतच नाही," मी म्हणाले.

"येईल."

एवढंच म्हणाली आणि दप्तरातून आपलं कार्ड काढून टेबलावर ठेवलं. पाचवीपासूनचं कार्ड. मागच्या बाजूला जागा उरली नव्हती म्हणून जास्तीचे कागद चिकटवलेलं, चांगलं जाडजूड झालेलं. ते उचलताना मला वाईट वाटलं, खोटं कशाला सांगू. सर छत्री घेऊन उठले. "बघा तुम्ही काय ते," म्हणून गेले.

सगुणा दाराशी पोचली होती. दस्तगीरभाई व्हरांड्यातून आमच्याकडे बघत होते. ते तिला म्हणाले, "सगुणे, सांग की बाईंना. नुसतं तोंड मिटून कुनाला कळनार हाय?"

"सांगायचंय काय त्यात," ती म्हणाली.

मी विचारलं, "पारू का येत नाही?"

सगुणा दारातच उभी राहिली. बाहेर बघत बोलायला लागली.

"आमची आई शिमग्याच्या आदी गेली. बाळंतपनात. बाळ बी गेलं."

माझ्या तोंडून नुसतं "अगं..." निघालं.

"पारू कुनाशीच बोलंना. फकस्त पुस्तक वाचायची. पर पुस्तकात कुठं आई मेली की ती दोन-दोन दिवस जेवायची न्हाई. म्हनून मी खुना केल्या. मी सगळी वाचलेली हायेत, मला ठावं हाय कशात काय हाय ते. तिचा दिवस बुधवार, माजा शनिवार. मी संगट येऊ शकत न्हाई. आन तिला स्वतःच्या हातानंच पुस्तक घ्यायचं असतं. तिला म्हनलं, एकवीस पान बघ. चांदनी असली तर बिनधास्त घे. फुली असली तर ठेव."

"म्हणजे फुली असलेली वाईट पुस्तकं?"

तिनं माझ्याकडे असं बघितलं, जणू मीच चौथीत आहे. "वाईट कशानं, बाई? काही तर लई भारी हायेत. फुली म्हंजे आत्ता नको."

आत्ता नको. माझ्या पन्नास पुस्तकांच्या यादीत या दोन शब्दांना कुठे जागाच नव्हती.

"बाकीची पोरं बी मग बघायला लागली," सगुणा पुढे म्हणाली. "मी कुनाला सांगितलं नव्हतं. दिवाळीत तुमी सगळं पुसलं. तुमाला काय ठावं."

"आणि मी तिला... मी तिला म्हटलं, यात आई आहे."

"हां. ती पळतच घरी आली. मला म्हनली, सगुणाताई, ह्याच्यात आई हाय, बाईंनी सांगितलंय. मी चुलीवर भाकरी टाकत होते. मी नाव बघितलं न्हाई. नवव्या भागापर्यंत वाचलं तिनं. मग पुस्तक मिटलं आन मला इचारलं, पुस्तकातली बी मरती का गं?"

दस्तगीरभाईंनी खळीच्या भांड्यात तोंड घातलं होतं. मला प्रत्येक पुस्तकाचा दाखल क्रमांक पाठ होता, लेखक, प्रकाशक, आवृत्ती, सगळं. पण माझ्यासमोर दर बुधवारी उभ्या राहणाऱ्या एकाही मुलाच्या घरात काय चाललंय, हे मी सहा महिन्यांत विचारलं नव्हतं. मी रडले ते तिच्यासमोरच. बाईंना रडताना बघून ती बिचारी घाबरली.

"तुमी नका रडू, बाई. कार्ड ऱ्हाऊ द्या तुमच्याकडं."

"गप्प बस," मी नाक पुसत म्हणाले. "ते कार्ड घे आधी. आणि उद्या सकाळी नऊ वाजता ये. पेन्सिल मी आणते, तुझी संपत आलीय."

रविवारी वाचनालय बंद असायचं. आम्ही दोघी बालविभागात खाली सतरंजी टाकून बसलो. ती पुस्तकावर बोट ठेवायची, क्षणभर आठवायची, आणि म्हणायची, "चांदनी." किंवा "फुली." मी काढायची. मध्येच मला शिकवायची. "ह्याच्यात कुत्रं मरतं. पर शेवटाला दुसरं पिल्लू येतं. चांदनी." "ह्याला बाई तुमी दहावा नंबर दिलाय, पर हे कुनीच पुरं करत न्हाई. दुसऱ्या पानावर झोप येती." "मग काय काढू?" "काई नका काडू. तसंच ठेवा. कुनी नेत न्हाई ते." मी हसले, आणि त्या पुस्तकाला दहावा क्रमांक देताना मी स्वतःही ते अर्धंच वाचलं होतं, हे तिला सांगून टाकलं.

अकराच्या सुमारास दारात छत्री दिसली. गुळवे सर. त्यांना म्हणे बाहेरून उघडी खिडकी दिसली. बालविभागाची प्रमुख आणि कालची आरोपी शेजारी शेजारी बसून वाचनालयाच्या पुस्तकांत पेन्सिलीनं फुल्या मारताहेत, हे बघून त्यांची छत्री काखेतून खाली आली.

"शेटेबाई! हे काय चाललंय?"

"पडताळणी, सर," मी म्हणाले. दुसरं काय म्हणणार?

मग सगळं सांगितलं. काही सगुणानं सांगितलं, काही मी. सर उभ्याउभ्याच ऐकत होते. ऐकून झाल्यावर त्यांनी सतरंजीवरचं एक पुस्तक उचललं, एकविसावं पान डोळ्यांजवळ नेऊन बघितलं. मला वाटलं, आता नोकरी गेली.

"चाळीस वर्षं मुलांना शिकवलं मी," ते म्हणाले. "हे कधी सुचलं नाही." मग पुस्तक माझ्या हातात दिलं. "बारीक काढा. आणि शिक्का झाकू नका."

वर्धापनदिनाला माझी पन्नासांची यादी वाटली गेली. छापून तयार होती, काय करणार. शाळांनी ती काचेच्या फळ्यात लावली आणि विसरून गेल्या. मुलं एकविसावं पान बघतच राहिली. त्यानंतरच्या तिसऱ्या बुधवारी पारू आली. माझ्याकडे बघितलंही नाही. सरळ कपाटाशी गेली, एक पुस्तक काढलं, मधलं पान उघडलं. मी फायलीत तोंड घालून बसले होते, पण सगळा जीव तिकडे. तिनं ते पुस्तक ठेवलं. दुसरं काढलं, उघडलं, आणि घेऊन टेबलाशी आली. माकडांच्या सर्कशीचं होतं. या वेळी सही करायला विसरली नाही.

मी पुढे तेहतीस वर्षं त्या वाचनालयात काढली. अजूनही ओळखीपाळखीची माणसं फोन करतात, "इंदूताई, आमच्या नातीला कुठलं पुस्तक द्यावं हो? चांगलंसं सांगा." मी आधी विचारते, नात कशी आहे, घरी सगळं बरं आहे ना, हल्ली ती कशाला घाबरते. त्यांना वाटतं म्हातारीला चौकशा फार. वाटू दे.

पारू सातवीत गेली तेव्हाचा एक शनिवार. आता तिचाही दिवस शनिवार झाला होता. सगुणा पुण्याला नर्सिंगच्या कोर्सला गेली होती. पारू टेबलाशी आली आणि म्हणाली, "बाई, 'ओसरीवरचा पाळणा' कुठं ठेवलंय?"

मी चपापले. "ते कशाला गं तुला?"

"वाचायचंय."

"त्याच्यावर फुली आहे, पारू."

"मला ठावं हाय. ताईनं काडलीय."

मी कपाटातून पुस्तक आणलं, पण हातातून सोडवेना. "ताईला विचारलंस?"

"इचारलं. पत्रात. ताई म्हनली, तुला वाटंल तवा."

मी पुस्तक दिलं. तो सगळा आठवडा मी कसा काढला, माझं मला ठाऊक. पुढच्या शनिवारी ती दारात दिसली तेव्हा मी खुर्चीवरून अर्धी उठलेच. डोळे सुजलेले होते. रडली होती, चांगलीच रडली होती. पण पुस्तक तिनं दोन्ही हातांनी धरलं होतं.

"पूर्ण वाचलंस?"

"हां." मग म्हणाली, "ती पोरगी शेवटाला भावाला तीच अंगाई म्हनती, आईची. तुमी मला ते सांगितलंच न्हवतं."

"चुकलंच माझं," मी म्हणाले.

"पेन्सिल द्या, बाई."

मी पेन्सिल दिली. तिनं एकविसावं पान उघडलं. सगुणाच्या सांगण्यावरून मीच काढलेली फुली तिथे होती. मी ड्रॉवर उघडला आणि खोडरबर तिच्यापुढे सरकवलं. पारूनं रबराकडे बघितलं आणि बोटानं ते बाजूला सारलं. फुलीच्या शेजारी सावकाश, जीभ दाताखाली धरून, तिनं एक चांदणी काढली.

"फुली असू द्या," ती म्हणाली. "कुनाला तरी लागंल."